कालव्यावरची सात पायांची घोडी

मी बीजा बोलतेय. मिलानच्या कालव्यावर पडाव, म्हणजे मालाच्या रुंद होड्या, ओढणारी राखाडी घोडी. एका जागी उभं राहून बोलायची मला सवय नाही, तेव्हा बोलणं जरा इकडेतिकडे गेलं तर सांभाळून घ्या.

जन्मल्यावर तासाभरात मी उभी राहिले आणि त्याच दुपारी कुंपणाबाहेर सापडले, असं सांगतात. तीन वर्षांची झाल्यावर ओरेस्तेने मला नेलं. तो पडाववाला. त्याचे पडाव वाळू भरून प्रवाहाबरोबर आपसूक शहरात यायचे. परत जाताना मात्र रिकामे पाच पडाव एकामागे एक बांधायचे, दोर माझ्या छातीवरच्या पट्ट्याला अडकवायचा आणि मी काठाच्या पायवाटेने प्रवाहाविरुद्ध चालायचं. काम जड होतं, पण मला आवडायचं. चालायला मिळालं की माझं डोकं ठिकाणावर असे.

नकोसा व्हायचा तो सकाळचा अर्धा तास. पुलाजवळ पडाव बांधून होईपर्यंत मला जुंपून नुसतं उभं ठेवत. अंगावर माशा, शेजारी कपडे धुणाऱ्या बायकांची भांडणं, आणि ओरेस्ते दारूच्या दुकानात गप्पा छाटत बसलेला. मी हा पाय टेकवी, तो उचली. जीव नुसता चुळबुळत असे.

नेमका तोच अर्धा तास चेझीराने निवडला. चेझीरा ही हातमोजे शिवणाऱ्याची मुलगी, चित्रं काढायची. एव्हारिस्तोमास्तरांकडे ती शिकत होती आणि मास्तरांची रीत मोठी कडक. रंग एकमेकांत कालवायचे नाहीत. शुद्ध रंगांच्या बारीक बारीक रेघा शेजारी शेजारी ठेवत जायच्या. लांबून पाहणाऱ्याच्या डोळ्यात त्यांचं मिश्रण आपोआप होतं. आणि ऊन बदललं की ब्रश खाली. म्हणून ती रोज आठला यायची आणि साडेआठला उठायची. असे दोन महिने.

एकदा ओरेस्ते तिच्या मागून डोकावला.

"काय हो सिन्योरीना, माझी घोडी राखाडी आहे. हिला हिरवी-गुलाबी कुणी केली?"

"लांबून बघा, राखाडीच दिसेल."

"लांबून तर माझी बायकोसुद्धा गरीब स्वभावाची दिसते!"

चेझीरा खळखळून हसली. पण खरी अडचण तिथेच होती. पायवाट जेमतेम चार पावलं रुंद आणि तिच्या पाठीशी पाणी. मागे सरकून चित्र पाहायला तिला जागाच नव्हती. नाक चित्राच्या कापडाला लावून ती रेघ रेघ ठेवत राहिली.

शहरातल्या मोठ्या प्रदर्शनाला चित्र द्यायला आठ दिवस उरले तेव्हा मास्तर स्वतः आले. म्हातारा माणूस, शुभ्र दाढी. तीस वर्षं डोंगरातल्या गाई रंगवत आलेले. त्या गाई म्हणे सबंध सकाळ कानही हलवत नसत. मास्तर पुलावर थांबले, डोळे बारीक केले आणि तिथूनच ओरडले.

"चेझीरा, घोडीला पाय किती असतात?"

"चार, मास्तर."

"मग वर ये आणि मोज!"

ती धावत वर गेली. पुढचे दोन, मागचे पाच. रोज मी पाय जिथे टेकवायची, तिथे तिने तो इमानाने रंगवला होता. जवळून नुसत्या रेघा दिसत होत्या, लांबून पायच पाय.

"दोन महिने तू काय डोळे मिटून बसली होतीस?"

चेझीरा आधी पांढरीफटक पडली. मग तिने चित्राकडे पाहिलं, माझ्या पायांकडे पाहिलं. "पण मास्तर, ही अशीच आहे. उभी असली तरी चाललेली असते."

खरं सांगते, माझे डोळे भरून आले. इतक्या वर्षांत मला लोकांनी हट्टी म्हटलं, वेडी म्हटलं. मी कशी आहे हे कुणी बोललं नव्हतं.

मास्तर मात्र चिडले. चिडण्यासारखंच होतं. दोन वर्षं तिची चित्रं प्रदर्शनातून परत आली होती. "या खेपेला चित्र तिथे लागलं नाही तर ब्रश चुलीत, आणि तू माझ्या दुकानात," असं बापाने तिला बजावलं होतं. मास्तर निवड समितीवर होते. तिच्यासाठी भांडायला ते तयार होते. पण सात पायांच्या घोडीसाठी कोण भांडणार?

दुसऱ्या दिवशी त्यांनीच सुरी घेतली आणि मागचे पाचही पाय खरवडून काढले. "बघ, मी दाखवतो," म्हणाले आणि बसले. पाच दिवस ते बसले. मी काही मुद्दाम त्रास दिला नाही हो, पण पाय कुणाच्या बापाचे ऐकतात? शेवटी त्यांनी माझ्याकडे पाहणंच सोडलं आणि मनाने दोन पाय रंगवले. सुंदर रंगवले. नालांवर पडलेलं ऊनसुद्धा त्यात होतं.

मग दोघं पुलावर चढली.

"असंच दे," मास्तर म्हणाले. "लागेल. मी लावून घेईन."

"तुम्हाला कसं वाटतं?"

मास्तर टोपी झटकू लागले.

"मास्तर, खरं सांगा."

"भुसा भरल्यासारखी दिसते," ते पुटपुटले. "पण लागेल, पोरी. घरी बाप बसलाय, त्याचा विचार कर."

चेझीराने त्यांच्या हातातली सुरी घेतली. खाली येऊन तिने ते दोन्ही पाय खरवडले आणि ओरेस्तेला हाक मारली. "घोडीला उभं करू नका. पुढे-मागे चालवा, जोरात चालवा!"

मी अशी निघाले की ओरेस्तेच्या नाकी नऊ आले. ती आता बारीक रेघा ठेवत नव्हती. रंग तेच, न कालवलेले, पण माझ्या कमरेपासून निघून पार कापडाच्या कडेपर्यंत धावणाऱ्या लांब लांब पट्ट्या. पडावाचा दोर, पाणी, पूल, सगळंच माझ्याबरोबर पळायला लागलं. ऊन बदललं तरी ती थांबली नाही. मास्तरांनी तिला थांबवलं नाही आणि शाबासकीही दिली नाही. टोपी घालून ते निघून गेले.

समितीने चित्र परत पाठवलं. मास्तरांनीही विरोधात हात वर केला आणि तसं तिला तोंडावर सांगितलं. बापाने ब्रश खरोखरच चुलीत घातले. चेझीराने घर सोडलं. तिच्यासारखीच डोकं फिरलेली चार मुलं तिला भेटली. त्यांना विजेची ट्रॅम, गिरण्या, गर्दी, सगळं धावतं रंगवायचं होतं. कालव्याजवळच्या एका वखारीत त्यांनी आपली चित्रं टांगली. बघायला आलेल्या निम्म्या लोकांनी शिव्या घातल्या.

पुढचं ओरेस्तेने मला खूर साफ करता करता सांगितलं. तोही बघायला गेला होता. दार लावायच्या वेळी मास्तर आले. सवयीप्रमाणे मागे मागे सरकत वखारीच्या मधोमध थांबले. माझं चित्र खूप वेळ पाहिलं. मग, ओढणारं जनावर समोरून आलं की काठावरची माणसं करतात तसं, त्यांनी नकळत अंग चोरलं आणि एका बाजूला झाले. चेझीरा कोपऱ्यात उभी होती. तिने ते पाहिलं आणि ओंजळीत तोंड लपवून रडली.

आता पडावांना इंजिनं लागली. माझा मागचा गुडघा सुजलाय. ओरेस्तेने मला विकलं नाही, शेडमध्ये बांधून ठेवलंय, आणि या बांधण्याने माझा जीव जातो. पण मी आता दोन ठिकाणी आहे. कधी तुम्ही त्या चित्रासमोर गेलात तर माझे पाय मोजत बसू नका. जरा बाजूला व्हा, मला जाऊ द्या.