घरधन्याचा पहिला घास

मित्रांनो, मी कासव आहे, पाण्यातला नव्हे, कोरड्या जमिनीवरचा. माझ्या वयाचा हिशेब कोणी ठेवला नाही. माझी पाठ पाहून मात्र लोक थांबतात, कारण ती गुळगुळीत नाही. तिच्यावर पावट्याच्या शेंगेसारखे उंचवटे आहेत. ते कसे आले, ते सांगतो.

कड्याच्या पायथ्याशी दोगोन लोकांचं, कांदे पिकवणाऱ्यांचं गाव आहे. तिथे अंतांदू नावाच्या एका मुलाच्या वडिलांनी मला आणलं, तेव्हा मी मुठीएवढा होतो. या गावात घरोघरी एक कासव असतं. घरधनी परगावी गेला की जेवणाचा पहिला घास आणि पाण्याचा पहिला घोट कासवाचा; तेवढे दिवस घरधनी तेच. त्याने तोंड लावल्याशिवाय घरात कोणी जेवत नाही.

वडील गेले आणि अंतांदू घरधनी झाला. तो विहिरी खोदायचा. चार-दोन दिवसांसाठी जायचा, तेवढ्यापुरता मी बाजरीच्या घाट्याचा एक घास खायचो. एरवी दिवसभर अंगणात, उन्हात, वाळल्या गवतात. पाठ घट्ट होती.

मग तो दक्षिणेकडे गेला, तो तीन वर्षांसाठी. मी तेव्हा वाढीच्या वयात होतो.

त्याची आत्या, यासिगे, घरात सर्वांत मोठी. ती म्हणाली, "घरधनी काय शेळ्यांबरोबर उन्हात हिंडतो? न्या त्याला आत." मला अंतांदूच्या खोलीत त्याच्या चटईवर ठेवलं. खोलीला खिडकी नव्हती. सकाळ-संध्याकाळ घाटा मिळू लागला. आधी एक घास, मग मायेने चार. दर बाजारच्या दिवशी आत्या माझ्या पाठीला शिया नावाच्या झाडाच्या बियांचं तूप चोळायची. मी चकाकायचो. शेजारपाजारचे पाहायला येत आणि म्हणत, "काय तेज आहे!" खरं सांगायचं तर मला घाटा आवडायचा. मी कधी नको म्हटलं नाही.

तिसऱ्या वर्षी पाठीवर उंचवटे आले आणि पाय पोटाखालून उचलेनात.

त्या सुमारास सुकी मासळी विकणारी कादिया आली. ती नदीकाठच्या बोझो लोकांतली. बोझो आणि दोगोन यांच्यात एकमेकांना टोमणे मारण्याची जुनी मुभा आहे.

"काय गं कांदेखाऊ, जिवंत आहेस अजून?" तिने अंतांदूच्या बायकोला, यापेरूला, हाक मारली.

"तुझी मासळी खाऊनसुद्धा आहे, बघ," यापेरू म्हणाली.

हसत हसत कादियाने माझ्या पाठीच्या कडेवर अंगठा दाबला. कड आत गेली. तिचं हसू थांबलं.

"अगं, हे कवच आहे की भिजलेलं कातडं? तूप धू आधी. ऊन दाखव, गवत घाल. घाट्याने हाड बनत नाही याचं. असंच चाललं तर पाऊसकाळ बघायचा नाही हा."

"घाटा बंद?" आत्या आतून म्हणाली. "पहिला घास चुकला आणि तिकडे विहिरीत पोराच्या डोक्यावर दगड पडला म्हणजे? मासेवाली भरून देणार का?"

यापेरूपुढे पेच पडला. घास थांबवावा तर नवऱ्याची काळजी, देत राहावा तर मी जाणार. दुसऱ्या दिवशी तिने वाळल्या दोडक्याच्या जाळीने आणि कोमट पाण्याने माझी पाठ धुतली. मला अंगणात ओढत नेलं. जेवणाची वेळ झाली तेव्हा तिने माझ्यापुढे मूठभर गवत आणि अंबाडीची पानं ठेवली.

"हा घास?" आत्या म्हणाली.

"आत्याबाई, पहिला घास घरधन्याचा ना? मग हा घरधनी जे खातो तेच त्याला वाढायचं. याने कधी बाजरी पेरली होती?"

आत्या बाजूला सरकली. पण मी तोंड वळवलं. मला घाटा हवा होता.

रीत ती रीत. मी खाईना म्हणून कोणी जेवेना. यापेरूने मुलांना भुईमुगाच्या शेंगा देऊन गप्प केलं. गोरखचिंचेच्या पाल्याचं कालवण गार होऊन त्यावर पापुद्रा धरला. ऊन कललं.

शेवटी आत्याच उठली. गुडघे धरत माझ्यासमोर बसली आणि अंबाडीचं पान माझ्या नाकाशी धरलं.

"खा रे बाबा. रुसायचं तर अंतांदूवर रूस, माझ्या पोटात कावळे ओरडताहेत."

मी पान खाल्लं. मग सगळे जेवले.

पुढे रोज आत्याच गवत आणू लागली. कड हळूहळू घट्ट झाली, पाय उचलू लागले. नवी वाढ सपाट आली. जुने उंचवटे मात्र बसले नाहीत. ते कधीच बसत नाहीत.

पावसाआधी अंतांदू सुखरूप परतला. माझ्या पाठीवरून हात फिरवत त्याने विचारलं, "आत्या, या गाठी कसल्या?"

आत्याने गाठींवर बोट ठेवलं. मग म्हणाली, "तुझे घास आहेत ते. आम्ही याच्या पाठीवर रचून ठेवले."

मित्रांनो, तुमच्याकडे माझ्यासारखा कोणी असेल तर त्याला उन्हात जागा द्या, गवत आणि पाला द्या, बसायला उथळ पाणी द्या. पाठीला तेल-तूप लावू नका. तो मागेल ते सगळं देऊ नका, कारण मीही चुकीचंच मागत होतो. आणि अधूनमधून कडेवर अंगठा दाबून पाहा.