वरचा

बांधकामावर सगळे त्याला ‘वरचा’ म्हणत. उंच क्रेनच्या काचेच्या केबिनमध्ये त्याची हयात गेली होती. लोखंडाचा भारा हलवायचा झाला की खालचे लोक हसून म्हणायचे, आता वरच्याच्या मनात येईल तेव्हा खरं. पण साठीला टेकल्यावर वरचा सारखा शिडी उतरू लागला. लघवीची घाई व्हायची आणि गेलं की धड होत नसे. तो उतरला की सगळं काम ठप्प. मुकादम दातओठ खायचा. शेवटी बायकोनेच त्याला दवाखान्यात नेऊन उभं केलं.

प्रोस्टेट ही पुरुषांच्या मूत्राशयाखालची ग्रंथी वयोमानाने वाढली होती, तिच्यासाठी गोळ्या मिळाल्या. पण रक्ताच्या तपासणीत या ग्रंथीचा आकडा चढा निघाला, म्हणून सुईने ग्रंथीचे बारीक तुकडे काढून तपासायला पाठवले. अहवाल आला तेव्हा डॉक्टरीणबाई बराच वेळ वाचत बसल्या. वरच्याचा धीर सुटला.

“कॅन्सर आहे का, तेवढं सांगा.”

“नाही. पण काही ठिकाणी पेशी बदलल्या आहेत. कॅन्सरच्या आधी असे बदल दिसतात.”

“म्हणजे होणारच?”

“असं नाही. पुष्कळांना कधीच होत नाही, काहींना होतो. कधी जवळपास लपलेला असतो आणि सुईला सापडत नाही. आत्ता यावर उपचार नाही. लक्ष मात्र ठेवायचं, आणि त्यात कुचराई चालणार नाही.”

घरी येईपर्यंत बातमी पोचली होती. बायकोचा थोरला भाऊ सोफ्यावर पाय रोवून बसला होता. जगातल्या सगळ्या गोष्टींवर त्याच्याकडे सल्ला तयार असे. त्याने ओळखीचा सर्जनही गाठला होता. ग्रंथीच काढून टाकायची, कटकट मिटली. लेक रडत होती, जावई दारामागे दबक्या आवाजात फोनवर बोलत होता. आपल्याच घरात आपण वारल्यासारखं वाटून वरच्याचं डोकं फिरलं.

“भावोजी, हट्ट करू नका,” मेव्हणा म्हणाला.

“मला जे झालेलंच नाही, त्यासाठी मी कापून घेणार नाही. आणि कुजबुजू नका. काय बोलायचं ते मोठ्याने बोला, मला ऐकू येतं.”

बायकोने भावापुढे चहा ठेवला आणि जावयाला फोन बंद करायला सांगितला.

कामावर आणखी वेगळं नाटक. कुणीतरी कानाशी लागलं आणि साहेबाने त्याची रवानगी गोदामात केली. आजारी माणूस वर नको, असं त्याचं म्हणणं. वरच्याने आठवडाभर खिळ्यांची खोकी मोजली. मग एका सकाळी तो साहेबाच्या खोलीत जाऊन उभा राहिला. डॉक्टरीणबाईंना फोन लावा म्हणाला, तोवर मी हलत नाही. साहेबाने आधी उडवून लावलं, मग कंटाळून फोन लावला. आजार नाही, हा माणूस काम करू शकतो, असं पलीकडून स्पष्ट उत्तर आलं.

खोलीबाहेर सगळे कान टवकारून उभे होते. वरच्याने त्यांना तिथल्या तिथे सांगितलं, कुठली ग्रंथी, कुठून सुई घातली, काय निघालं. दोघे-तिघे लाजून जमिनीकडे बघू लागले.

“लाजताय काय? तुम्हा सगळ्यांनाही तीच ग्रंथी आहे,” तो म्हणाला आणि शिडीकडे चालू लागला.

तपासणीची एकही तारीख त्याने चुकवली नाही. धाकधूक व्हायची, आदल्या दिवशी जेवण जात नसे, उगाच बायकोवर खेकसायचा आणि मग तिच्यामागे भांडी पुसत फिरायचा. दुसऱ्या वर्षी आकडा पुन्हा चढला. पुन्हा सुया, आणि या खेपेला एका कोपऱ्यात खरोखरच कॅन्सर निघाला. ग्रंथीबाहेर गेलेला नव्हता, पण नुसतं बघत बसण्याइतका गरीबही नव्हता.

मेव्हणा धावत आला. तेव्हाच माझं ऐकलं असतं तर, हे त्याच्या ओठावर आलेलं दिसत होतं. वरच्याने त्याला बोलू दिलं नाही.

“तेव्हा नव्हता, म्हणून कापू दिलं नाही. आता आहे, तर काढून टाकणार. यात माझं काय चुकलं?”

उत्तर बायकोने दिलं. “काही चुकलं नाही,” ती म्हणाली, “पण मलाही भीती वाटते, तेवढं बोलू द्या.” मग वरचा तिच्याशेजारी बसला आणि दोघं बराच वेळ बोलत राहिली. मेव्हणा केव्हा उठून गेला, त्यांना कळलंही नाही.

ऑपरेशन नीट पार पडलं. पुढचे काही महिने लघवीवर ताबा नव्हता, पँटच्या आत पॅड लावावं लागे. तो कामावर परतला तेव्हा साहेबाने दबकत विचारलं, अजून थोडी रजा घेता का? “पॅडला उंचीची भीती वाटत नाही,” वरचा म्हणाला, आणि हातमोजे चढवू लागला.