कलम चार

चेन्नपुरी मराठी समाजाची घटना सत्तेचाळीस वर्षांपूर्वी एका वकिलाने लिहिली होती. त्या काळी देशाची राज्यघटना नवीन होती आणि वकिलांना ती फार आवडली होती. समाजाच्या तीन शाखा होत्या, मैलापूर, तांबरम आणि आवडी. घटनेत बदल करायचा तर आधी सर्वसाधारण सभेत दोन तृतीयांश मते लागत. त्यानंतर नव्वद दिवसांत निम्म्या तरी शाखांनी त्या बदलाला मान्यता द्यावी लागे. संसदेने काही कलमे बदलली की निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांनी होकार द्यावा लागतो, त्याच धर्तीवर.

चार जुलै २००४ला सभेने कलम चार बदलले. जुन्या कलमाप्रमाणे जो महाराष्ट्रात जन्मला किंवा ज्याचे वडील महाराष्ट्रात जन्मले तोच पूर्ण सभासद. नव्या कलमात एवढेच होते: मराठी ही ज्याच्या घरातली भाषा आहे, असा कोणीही. बाजूने एकाहत्तर, विरोधात तेवीस.

हा बदल ज्यांच्यासाठी होता त्यांत पहिले नाव त्रिपुरसुंदरीबाईंचे. वय एकसष्ट. घराणे तंजावरचे, तीनशे वर्षे तमिळ मुलखात. मैलापूरच्या कार्यालयात वर समाजाचे वाचनालय होते आणि ते बाई बावीस वर्षे चालवत होत्या. पण त्या होत्या सहयोगी सभासद. वर्गणी पूर्ण, मत नाही. मतदानाची वेळ आली की अध्यक्ष म्हणत, “सहयोगींनी कृपया बाहेर बसावं,” आणि बाई उठून कॉफीचे बघायला जात. मरण्याआधी एकदा तरी आत बसून हात वर करायचा, असे त्यांनी चिटणीस अनंतरावांना सांगितले होते. हसत सांगितले होते, पण सांगितले होते.

अनंतराव रेल्वेतून निवृत्त झालेले. कागद वाचताना ओळीखाली पट्टी धरायची त्यांची सवय.

तांबरमचा ठराव पहिल्याच आठवड्यात आला. तिथे सगळी संगणकवाली तरुण मंडळी. शाखाप्रमुख सावनीने फोनवर सांगितले, “चौदा विरुद्ध शून्य, काका. बारा मिनिटांत. पण तीन शाखांच्या निम्म्या म्हणजे दीड ना? आम्ही एक झालो. अर्धी कुठून आणणार?”

“दीड म्हणजे दोन,” अनंतराव म्हणाले. “शाखा कापता येत नाही.”

मैलापुरात मात्र बदल पडला. विरोधात अकरा, बाजूने नऊ. बँकेतून निवृत्त झालेले हंबीरराव तिथले जुने सभासद. ते म्हणाले, “पाहुण्यांना पोटभर वाढू, पण घराच्या किल्ल्या देऊ का?” बाई बाहेर खिडकीशी होत्या, त्यांना ऐकू गेले. सभा संपल्यावर हंबीररावांना कॉफी देताना त्या म्हणाल्या, “तुमची बदली इथें अडुसष्टांत जाली न? आमची त्याच्या थोडी आधीं जाली.” हंबीररावांनी कॉफी घेतली.

राहिली आवडी. मुदत दोन ऑक्टोबरला संपत होती.

आवडीचे पाकीट मंगळवारी, अठ्ठावीस सप्टेंबरला सकाळी अकरा वाजता आले. सव्वीस विरुद्ध तीन, मंजूर. अनंतरावांनी पट्टी खाली सरकवली आणि शेवटच्या वाक्यावर थांबले. “मात्र अशा व्यक्तीस मराठी लिहिता-वाचता येत असल्याची शाखेने खात्री करून घ्यावी.” हे वाक्य सभेच्या ठरावात नव्हते. आवडीने ते आपल्या पदरचे घातले होते.

आवडीचे शाखाप्रमुख कृष्णकांत संरक्षण कारखान्यात तपासणी विभागात होते. तीस वर्षे समोर आलेला प्रत्येक सुटा भाग त्यांनी काहीतरी शेरा मारूनच पुढे पाठवला होता. कलमही त्यांनी तसेच पाठवले होते.

अनंतराव जिना चढून वाचनालयात गेले आणि कागद बाईंपुढे ठेवला. बाईंनी तो दोनदा वाचला.

“मंजूर जालें म्हणतो न हा?”

“झालं. पण आपण पाठवलं ते नाही, दुसरंच काहीतरी मंजूर झालं. शाखेने हो म्हणायचं किंवा नाही म्हणायचं. तिसरं काही नाही.”

“मला वाचतां येतें. ही शर्त मला लागत नाहीं. चालवून घ्या.”

“चालवून घेता येणार नाही, बाई.”

“कां?”

“उद्या हंबीरराव हरकत घेतील. आणि ती बरोबर असेल.”

बाईंनी कागद परत ढकलला. “अय्यो, तुम्हां लोकांना कायदा नेमका आमच्या वेळींच दिसतो.” मग त्या म्हणाल्या, “चार दिवस राहिले. जा तर मग. इथें काय करतां?”

विशेष बैठकीसाठी तीन पूर्ण दिवसांची सूचना लागे. सूचना मंगळवारी फळ्यावर लागली तरच शनिवारी, शेवटच्या दिवशी, बैठक होणार होती. अनंतराव बसने सेंट्रलला गेले आणि तिथून आवडीची गाडी पकडली.

कृष्णकांत क्वार्टरच्या व्हरांड्यात सायकलीच्या चेनला तेल घालत होते. त्यांनी सगळे ऐकून घेतले.

“आम्ही सुधारणाच केली की हो. बिघडवलं काय?”

“सुधारणा सुचवायची जागा चार जुलैची सभा होती. तुम्ही आला होता.”

“तेव्हा सुचली नाही.” कृष्णकांतांनी फडक्याला हात पुसले. “बरं, ते वाक्य खोडून सही करून देतो. पाच मिनिटांचं काम. चहा होईपर्यंत होईल.”

“सव्वीस जणांनी त्या वाक्यासकट हात वर केले. त्याच्याशिवाय किती करतील ते तुम्हाला माहीत नाही, मलाही नाही.”

“मग तुम्हीच वगळून वाचा. चिटणीस ना तुम्ही!”

“तसं मी वाचलं, तर घटना मी लिहिली असं होईल.”

कृष्णकांतांनी त्यांच्याकडे जरा नवलाने पाहिले. “आमच्या विभागात शोभला असता तुम्ही,” ते म्हणाले. आतून कागद आणून त्यांनी सूचना लिहिली आणि संध्याकाळी पाच वाजून पन्नास मिनिटांनी ती समाजमंदिराच्या फळ्यावर लावली. वेळ अनंतरावांनी टिपून घेतली. परत निघताना कृष्णकांत म्हणाले, “एक सांगून ठेवतो. मी विरोधात बोलणार. वाचता न येणारा मराठी कसला, हे माझं मत आहे.”

“जरूर बोला.”

शनिवारी गांधी जयंतीची सुट्टी होती. अर्धी वसाहत सहलीला किंवा तिरुपतीला गेलेली. बैठक चारला होती आणि कोरम पंधराचा. चारला अकरा जण होते. नियमाप्रमाणे अर्धा तास थांबायचे होते. कृष्णकांत दारात उभे राहून येणाऱ्यांना मोजत होते. वाट पाहायला त्यांचा मुळीच विरोध दिसला नाही. साडेचारला दोन मिनिटे असताना सतरा झाले. त्यांनी दार लावले, सतरा हा आकडा कागदावर लिहिला आणि चर्चा सुरू केली.

आधी ते स्वतः बोलले, शांतपणे आणि चांगले बोलले. भाषा घरात बोलली म्हणजे झाले का? अशाने उद्या कोणीही येऊन चार वाक्ये बोलून दाखवील. काहीतरी माप हवे. पाच-सहा माना हलल्या. अनंतराव पाहुणे होते, त्यांना बोलायचा अधिकार नव्हता. ते मागच्या खुर्चीवर हातांची घडी घालून बसले.

मग देविका उठली. ती इथल्याच केंद्रीय कार्यालयात कारकून होती. नवरा हेरंब शेजारी बसला होता.

“कृष्णकांतकाका, हे आमचे हेरंब. जन्म आवडीचा, शिक्षण तमिळ माध्यमात. मराठी नाटकाची जाहिरात आली की मी वाचून दाखवते. यांना काढणार का?”

लोक हसले. हेरंब म्हणाला, “तिकिटं मात्र मीच काढतो.”

“त्यांचा प्रश्नच नाही,” कृष्णकांत म्हणाले. “वडील साताऱ्याचे. जुन्या कलमाने ते सभासद आहेतच.”

“बरोबर. वडील साताऱ्याचे म्हणून हे सभासद. आणि आमचा मुलगा? तो इथे जन्मला, त्याचे वडीलही इथेच जन्मले. जुनं कलम राहिलं तर तो कोण?”

कृष्णकांतांनी घटनेची पुस्तिका उघडली. कलम चार त्यांना पाठ होते, तरी त्यांनी ते वाचले. “सहयोगी,” ते म्हणाले.

“म्हणजे बाहेर बसायचं.”

अनंतरावांना मागून दिसत होते की पुढच्या रांगेत लोक आपापली मुले आणि नातवंडे बोटांवर मोजत होते. वीस-पंचवीस वर्षांत अख्खी आवडी बाहेर बसली असती. कृष्णकांतांचा मुलगा मंदार इथेच जन्मला होता, त्याला आता दोन महिन्यांचा मुलगा होता. हे तिथे सगळ्यांना माहीत होते, म्हणून कोणी बोलून दाखवले नाही.

“मतदान घेतो,” कृष्णकांत म्हणाले. “सभेने पाठवला तो मजकूर, जसाच्या तसा. हो किंवा नाही.”

बाजूने हात वर झाले. त्यांनी मोजले, पुन्हा उलट्या बाजूने मोजले. बारा. विरोधात चार वर झाले आणि पाचवा हात त्यांनी स्वतःचा केला.

“पाच,” ते म्हणाले. “मंजूर.”

देविका म्हणाली, “काका, तुमचा नातू?”

“नातवाला विचारून मत देत नसतो,” ते म्हणाले आणि ठराव लिहायला बसले. सभेचे वाक्य त्यांनी शब्द न शब्द उतरवून काढले, अनंतरावांसमोर एकदा वाचले आणि सही केली. पाच वाजून दहा मिनिटे.

स्टेशनबाहेरच्या बूथवरून अनंतरावांनी बाईंना फोन केला.

“बारा-पाच. दोन शाखा झाल्या. कलम आजपासून लागू.”

बाईंनी विचारले, “पांच कोण?”

“नावं लिहीत नाहीत.”

“तें बरें.” बाईंनी पुढे विचारले, “अर्ज केव्हां घेतां?”

“सोमवारी. आज सुट्टी आहे.”

“वाचनालय उघडें आहे. मीं बसलें आहें. सोमवारपर्यंत कोणाला काय सुचेल, सांगतां येतें का?”

अनंतराव सात वाजता मैलापूरला पोचले. अर्जाचा छापील कागद जुनाच होता. बाईंनी नाव लिहिले, पत्ता लिहिला, आणि तिसऱ्या रकान्याशी पेन थांबवले. तिथे छापले होते: महाराष्ट्रातील मूळ गाव.

“तो रकाना आता लागत नाही,” अनंतराव म्हणाले. “काट मारून बाजूला सही करतो. अर्जाचा नमुना चिटणिसाच्या हातात असतो.”

“राहूं द्या. विचारलें आहे तर सांगतें.”

बाईंनी लिहिले, “ठाऊक नाहीं.” खाली सही केली, मोडीत, मग आठवण होऊन कंसात तीच बाळबोधीत.

अनंतरावांनी पट्टी न धरता अर्ज वाचला. त्यावर तारीख घातली, दोन ऑक्टोबर, आणि वेळ, सात वीस. मग बाईंना पोच लिहून दिली. बाईंनी ती चष्मा पुसून नीट वाचली आणि म्हणाल्या, “डिसेंबरच्या निवडणुकींत चिटणीसपदाला तुम्ही परत उभे आहांत न?”

“आहे.”

“सरी, बरें,” बाई म्हणाल्या. “विचार करतें.”