शंकेखोरांच्या वर्गातली खुर्ची

मी खुर्ची बोलतेय. लाकडी, चार पायांची, दोन हातांची. आणि आधीच सांगून ठेवते, मी आहे! इतर खुर्च्यांना हे सांगत बसावं लागत नाही. मला लागतं. कारण माझं अर्धं आयुष्य अशा वर्गात गेलं, जिथे माझ्याकडे बोट दाखवून विचारतात, "ही खरंच आहे कशावरून?"

माझा जन्म एका सुताराच्या शेडमधला. मागणी होती दातांच्या डॉक्टरांची. त्यांच्या बाहेरच्या खोलीत, जिथे पेशंट वाट बघत बसतात, तिथे मी गेले. तिथे माझ्या असण्याबद्दल कुणाची काही तक्रार नव्हती. आतून मशीनचा आवाज आला की बाहेरचा माणूस माझे हात असे काही आवळायचा की बास! एरवी मिशीला पीळ देणारे लोक तिथे "देवा रे" म्हणताना मी ऐकलेत. त्यांच्या नखांच्या खुणा अजून माझ्या हातांवर आहेत.

पुढे डॉक्टरांनी सोफे आणले आणि मला कॉलेजला देणगी दिली. देणगी कसली, अडगळ काढली! पण कागदावर देणगी. तशी मी तत्त्वज्ञानाच्या बाईंच्या वर्गात आले.

बाई उंचीनं लहान आणि आवाजानं दणदणीत. बाहीला कायम खडूची धूळ. त्यांचा विषय होता आधुनिक पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचा इतिहास. नाव एवढं लांबलचक की निम्मी पोरं वेळापत्रक वाचूनच पळून जायची. बाईंनी मला उचलून प्लॅटफॉर्मवर मधोमध ठेवलं आणि वर्गाला बजावलं, "हिच्यावर कुणी बसायचं नाही. वर्षभर आपण हिच्यावर वाद घालणार आहोत."

घ्या! खुर्ची आणि बसायचं नाही.

मग बाईंच्या शिकवण्यातून सुरू झाली ती एकेका तत्त्वज्ञाची वरात. आधी आला शेकोटीच्या उबेत बसून सगळ्यावर शंका घेणारा. खुर्ची खोटी असेल, शेकोटी खोटी असेल, हा हातसुद्धा स्वप्नातला असेल. शंका घेणारा मी तेवढा पक्का. वा रे पठ्ठ्या! माझ्यावर शंका, स्वतःवर नाही. आणि शंका घेताना बसला कशावर होतास?

दुसरा म्हणाला, खुर्चीचा रंग खुर्चीत नसतोच, तो बघणाऱ्यात असतो. माझ्या सुतारानं पॉलिश घासता घासता घाम गाळला, तो काय ह्याच्या डोळ्यांत? तिसरा पाद्री. त्याचं म्हणणं, कुणी बघत असेल तरच वस्तू असते. कॉलेजला सुट्टी लागली, खोलीला कुलूप लागलं, तरी मी होतेच की! हवं तर उंदरांना विचारा. मग एक गोलमटोल, हसरा गृहस्थ. तो म्हणे, एकामागून एक गोष्टी घडतात म्हणून आपल्याला नुसती सवय होते, पहिलीमुळे दुसरी घडते हे कुणी पाहिलेलंच नाही. त्याच्या पाठोपाठ तो वेळेचा पक्का, ज्याला फिरायला निघालेला बघून शेजारी घड्याळ लावायचे. तो म्हणाला, खुर्ची मुळात कशी आहे ते आपल्याला कधीच कळणार नाही. हा त्यातल्या त्यात सभ्य. निदान मी नाही असं तरी म्हणाला नाही.

असं दरवर्षी. मी आतल्या आत धुसफुसत असायचे. पण बाईंवर राग धरता येत नव्हता. त्या मला रोज सकाळी फडक्यानं पुसायच्या, अगदी खालच्या आडव्या पट्टीपर्यंत. जी वस्तू आहे की नाही ठाऊक नाही, ती इतकी निगुतीनं पुसणारी दुसरी बाई दाखवा मला.

आणि मग वर्गात ती आली. चष्मेवाल्याची मुलगी. एका जागी म्हणून ठरायची नाही, म्हणून पोरं तिला भिंगरी म्हणायची. पहिल्याच दिवशी सगळे माझ्या असण्यावर डोकं खाजवत होते, तर ही सरळ चढली प्लॅटफॉर्मवर आणि धपकन माझ्यावर बसली.

"बाई, आहे ही. एक पाय जरा आखूड आहे, पण आहे."

मला कोण आनंद झाला म्हणून सांगू! तेवढ्यात बाई म्हणाल्या, "ऊठ आधी. स्वप्नात बसत नाहीस कधी खुर्चीवर?"

भिंगरी उठली. माझ्याकडे बघितलं, मग स्वतःच्या हाताकडे बघितलं. "अय्या, खरंच की," म्हणाली. झालं! पोरगी गेली कामातून. त्या दिवसापासून तिचा एक तास चुकला नाही. ती आली म्हणजे वर्गात भांडण ठरलेलं. पाद्र्याची बाजू कुणी घेतली की ही तावातावानं उठायची.

शेवटच्या वर्षाला एक दिवस तिचे वडील आले. भरदार माणूस, खिशात दोन चष्मे आणि नाकावर तिसरा. आल्या आल्या माझ्यावर बसले. बाईंनी तोंड उघडलं आणि मिटलं.

"बाई, मला आडवळणानं बोलता येत नाही," ते म्हणाले. "दुकानातला माणूस सोडून गेला. पोरीला काउंटरवर बसवायचीय. पाटीवर तिचं नाव ती शाळेत होती तेव्हाच रंगवून घेतलंय मी. हौस म्हणून इतकी वर्षं शिकू दिलं. आता पुरे."

"वर्ष पुरं होऊ द्या," बाई म्हणाल्या.

"हे शिकून पुढे काय?"

"ते मला नाही सांगता येणार."

"बघा! शिकवणाऱ्यालाच माहीत नाही."

भिंगरी पुढे आली. तिच्याकडे हुकमाचा एक्का होता, चेहऱ्यावरच दिसत होता. "बाबा, ह्या तत्त्वज्ञांतला एक भिंगं घासून पोट भरायचा. आपल्याच धंद्यातला!"

वडील सावरून बसले. "काय सांगतेस?"

"खरंच. दिवसा भिंगं घासायची आणि उरलेल्या वेळात विचार करून लिहायचं. त्याच्या माणसांनी वाळीत टाकलं तरी हटला नाही. विद्यापीठानं शिकवायला बोलावलं, तर नको म्हणाला. म्हणे तिथे मोकळेपणानं विचार करता येणार नाही."

वडील खूश झाले. "मग झालं की! शहाणा माणूस. धंदा सांभाळून उरलेल्या वेळात करायचा, आणि बोलावलं तरी कॉलेजची पायरी चढला नाही. तूही तेच कर. सोमवारपासून ये दुकानात."

बाई खिडकीकडे तोंड करून उभ्या राहिल्या; हसू आलं होतं की रडू, मला कळलं नाही. मला मात्र त्या भिंगवाल्याचा संताप आला. एकदा होकार दिला असतास तर काय बिघडलं असतं रे बाबा?

"आणि ही खुर्ची डुगडुगते," वडील उठता उठता म्हणाले.

"तिच्यावर बसत नाही कुणी," बाई म्हणाल्या. "तुमची मुलगी बसली होती, तिला उठवलं. तुम्हाला उठवायचं तर जिवावर आलं."

"मग ठेवलीय कशाला?"

"वाद घालायला."

"धन्य आहे!" असं म्हणून ते थेट ऑफिसात गेले आणि पोरीचं नाव काढून टाकून आले.

सोमवारी तिची जागा रिकामी होती. मंगळवारी दुपारी ती दारात उभी, धापा टाकत. दुपारी दुकान थोडा वेळ बंद असतं, जेवायची वेळ. जेवण सोडून ती धावत आली होती.

तिच्या मागोमाग ऑफिसातले हेडक्लार्क आले. माणूस वाईट नाही, पण नियम म्हणजे त्यांचा श्वास. "बाई, हिचं नाव रजिस्टरमध्ये नाही. हिला बाकावर बसता येणार नाही."

"उभं राहण्याबद्दल काही नियम आहे?" बाईंनी विचारलं.

हेडक्लार्क विचारात पडले. "तसा काही दिसत नाही."

"मग उभी राहील."

आणि ती उभी राहिली. माझ्या शेजारी, प्लॅटफॉर्मवर, माझ्या पाठीवर हात ठेवून. त्या दिवशी नाही फक्त, रोज. बाई हजेरी घ्यायच्या. तिचं नाव जिथे असायचं, तिथे आल्या की थोडं थांबायच्या. भिंगरी म्हणायची, "हजर." हेडक्लार्क दारातून म्हणायचे, "ती हजेरी धरायची नाही. ती वर्गात नाही."

ऐकलंत? इतकी वर्षं सगळे माझ्यावर शंका घेत होते. आता घाम फुटलेली, पोटात भुकेनं कावळे ओरडणारी, घशाला कोरड पडेपर्यंत वाद घालणारी जिवंत पोरगी समोर उभी, आणि म्हणे ती नाही! त्या शेकोटीवाल्यानंसुद्धा एवढी मजल मारली नव्हती. मला बोलता येत असतं तर मी त्या रजिस्टरचे कान उपटले असते.

तिचे पाय दुखायचे. सगळा भार माझ्या पाठीवर द्यायची, पण बसायची नाही. बाई एकदा हळूच म्हणाल्या, "बस गं हिच्यावर. मी काही म्हणणार नाही."

"नाही बाई. नाव लागलं की बाकावर बसेन, माझ्या जागेवर."

मला वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. पण मनात म्हटलं, शाब्बास!

घरी मात्र जेवणाचा डबा भरलेलाच परत जायला लागला, आणि आई काळजीत पडली. एका दुपारी वडील पोरीच्या मागे मागे आले. रागानं आले असणार, पावलांवरून कळतं. पण दारातच थबकले.

बाई त्या दिवशी वरातीतल्या शेवटच्या माणसाबद्दल शिकवत होत्या. त्याचं म्हणणं, वस्तू कशासाठी हवी ते आधी ठरतं, मग ती घडते. माणसाचं उलटं. तो आधी असतो, मग काय व्हायचं ते स्वतः ठरवतो.

"बाई, हिचं तरी कुठे ठरल्याप्रमाणे झालं?" भिंगरीनं माझ्या पाठीवर थाप मारली. "हिला दातांच्या डॉक्टरांसाठी केली. त्या सुताराला ठाऊक होतं का, ही इथे येऊन आपल्या डोक्याला ताप देईल?"

वर्ग हसला. मी हसले असते तर माझे सांधे निखळले असते! इतक्या वर्षांत माझी बाजू घेणारं पहिलं माणूस.

मग तिला दारात वडील दिसले.

"बस खाली," ते म्हणाले. "पाय बघ कसे थरथरतायत."

"बसता येत नाही. माझं नाव नाही."

"कुणी काढलं?"

ती नुसती त्यांच्याकडे बघत राहिली. वडिलांनी नाकावरचा चष्मा काढला, पुसला, परत घातला. आणि वळून ऑफिसात गेले. बराच वेळ वरच्या पट्टीतलं बोलणं ऐकू येत होतं. परत आले तेव्हा चेहरा उतरलेला होता.

"ते म्हणतात, आता ह्या वर्षी नाव घालता येत नाही. पुढच्या वर्षी बघू."

"मग पुढच्या वर्षी," भिंगरी म्हणाली.

"आणि तोवर?"

"तोवर उभी."

"दुकान?"

"सकाळी येते ना. संध्याकाळीही येते, येत राहीन. पण दुपारी इथे."

वडिलांनी वर्गाकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मी रिकामीच होते. मला वाटलं, आता बसतील, दमलेला माणूस आहे. पण ते प्लॅटफॉर्मवर चढले आणि माझ्या दुसऱ्या बाजूला, पोरीला समांतर उभे राहिले. हात मागे बांधून. "चालू द्या बाई," म्हणाले.

तास संपेपर्यंत ते उभे होते. त्यांना त्यातलं काय कळलं, देव जाणे. मध्ये एकदा त्यांनीही माझ्या पाठीवर हात टेकला.

आज मी जुनी झाले आहे. सगळे सांधे कुरकुरतात. पण माझा ताठा गेलेला नाही. जाता जाता एवढंच सांगते. तुमच्या घरात, वर्गात, कामावर अशी कुणी हट्टानं उभी असेल, तर तिला "बस गं, दमलीस" म्हणून गप्प करू नका. जमलं तर तिच्या शेजारी जाऊन उभे राहा. मी खुर्ची असून सांगतेय.