सतरा हजारांचा मान

घर बांधणाऱ्या माणसाला आपण काय विचारतो? खोल्या किती काढल्या, फरशी कुठली घातली, हप्ता किती बसतो. हप्ता ऐकून आपण मान डोलावतो आणि पुढचा पेढा उचलतो. घर शेवटी पडलं केवढ्याला, हे मात्र कुणी कुणाला विचारत नाही. तो प्रश्न आपल्याला अशुभ वाटतो, मंगल प्रसंगी शिंकल्यासारखा. सोलापुरातल्या पंचाक्षरीलाही आठ वर्षं तसंच वाटत आलं होतं.

पंचाक्षरी एका कापड गिरणीच्या स्टोअरमध्ये कारकून होता. सूत गुंडाळलेल्या पुठ्ठ्याच्या एका कोनाचाही हिशेब चुकू न देणारा माणूस! सत्तर साली त्यानं एका पतपेढीकडे जागा गहाण ठेवून बारा हजार उचलले आणि दोन खोल्या, ओटा आणि पुढे अंगण असं घर बांधलं. हप्ता महिन्याला शंभर रुपये. शेजारच्या गल्लीतला हरिदास रेल्वेत होता. त्यानं दुसरीकडून कर्ज काढलं होतं आणि तो महिन्याला पावणेदोनशे भरत होता. बिचाऱ्याला चहात साखर घालायची चोरी! पंचाक्षरीला त्याची कीव यायची.

पतपेढीची एक रीत होती. दरवर्षी मार्चमध्ये चेअरमन बसलिंगप्पा कर्जदाराच्या घरी येत आणि ‘नवं-जुनं’ करून देत. म्हणजे जुनं कर्ज कागदावर फिटलं, लगेच नवं मंजूर झालं, आणि वर सणासुदीला दोनशे रुपये रोख हातात. गल्ली जमायची, नारळ फुटायचा, शिरा व्हायचा. मग चेअरमन उभे राहून नव्या कर्जाचा आकडा मोठ्यानं सांगायचे, “पंचाक्षरींची पत यंदा एवढी झाली!” लोक टाळ्या वाजवायचे. कर्जदाराच्या खांद्यावर कोरी सोलापुरी चादर पडायची. ऐन मार्चच्या उन्हात ती जाड चादर पांघरून पंचाक्षरी घामाघूम होत उभा राहायचा आणि मनात फुलायचा. बाराचे तेरा झाले, तेराचे चौदा झाले. गेल्या वर्षी चेअरमन म्हणाले होते, “सोळा हजार चारशे!” तेव्हा तर कुणीतरी शिट्टीही मारली होती. हरिदासचा आकडा दरसाल खाली यायचा. त्याला कोण चादर घालणार!

शहाणीसुरती माणसं, नागरिकहो, आपल्या गळ्यातला फास जाड होतोय म्हणून टाळ्या वाजवत होती. आठवलं तरी शिसारी येते.

अठ्ठ्याहत्तर सालचा मार्च आला. यंदा पंचाक्षरीच्या डोक्यात माडीचं खूळ शिरलं होतं. नवं-जुनं झालं की चेअरमन माडीसाठी आणखी पाच हजार देणार होते, आणि हप्ता तोच, शंभर. समारंभ रविवारी संध्याकाळी होता. स्वयंपाकाला हातभार म्हणून अक्कलकोटहून त्याची थोरली बहीण शिवबाई सकाळच्या एसटीनं आली. पाच वर्षांपूर्वी तिचा नवरा वारला, मागोमाग घराचा लिलाव झाला. आता ती एका खोलीत भाड्यानं राहायची आणि शेंगांची चटणी, कडक भाकरी विकून पोट भरायची. दाजी उधळे होते, त्यांनी घर उडवलं, असं सगळे म्हणायचे. शिवबाई त्यावर कधी अवाक्षर काढत नसे.

दुपारी पंचाक्षरीच्या बायकोनं, ईरम्मानं, पाहुण्यांना बसायला म्हणून ट्रंकेतल्या चादरी काढल्या. एकावर एक रचल्या तर कमरेएवढी चळत झाली. शिवबाई रवा भाजत होती. तिचा हात थांबला.

“ह्या कुटनं आल्या गं?”

“पतपेढीच्या मानाच्या हायत, वन्सं. दर साली एक. ह्यांनी आजवर एक बी वापरू दिली न्हाय.”

शिवबाईनं कढई खाली उतरवली, पदराला हात पुसले आणि वरची चादर उलगडून पाहिली.

“तम्मा,” तिनं भावाला हाक मारली, “माझ्याकडं बी हायत अशा. ह्याच काठाच्या, ह्याच पतपेढीच्या.”

पंचाक्षरी ओट्यावर वर्तमानपत्र वाचत होता. तो हसत आत आला. “दाजींना पण मिळायच्या? चांगलंय की.”

“चांगलं? बस हितं. मला सांग, तू म्हयन्याला किती भरतोस?”

“शंभर. कधी चुकवला नाही.”

“आणि व्याज किती चढतंय म्हयन्याचं?”

सुताचा कोन न् कोन मोजणाऱ्या माणसाला हे माहीत नव्हतं.

“शेकडा बारा,” तो एवढंच म्हणाला. “वर्षाला, सोळा हजार चारशेवर.”

“मग सोळा हजारावर म्हयन्याला एकशेसाठाच्या वर झालं की! तू शंभर टाकलास. वरचे साठ कुटं गेले? तो मेला माफ करतोय व्हय तुला?”

“अक्का, तुला त्यातलं काय कळतंय? नवं-जुनं केलं की सगळं फिटतं.”

“फिटत न्हाय रे! वर्षभर साठलेलं व्याज मुदलात घालतो, आणि त्याला म्हणतो नवं कर्ज. फुडल्या साली त्या व्याजावर परत व्याज. मला तरी कुटं कळत होतं? लिलावाच्या दिवशी मामलेदार कचेरीतल्या एका म्हाताऱ्या साहेबानं समजावून सांगितलं, तवा कळलं. आमी आठ हजार घेतले होते, तम्मा. धा वर्सं भरलं. तुजे दाजी गेले त्या दिवशी बारा हजार देणं निघालं.”

ईरम्मा दारात थिजून उभी राहिली. पंचाक्षरीचा मात्र पारा चढला. संध्याकाळी गल्ली जमणार, चेअरमन येणार, आणि हिचं हे अपशकुनी बोलणं!

“दाजींची गोष्ट वेगळी,” तो फटकन बोलून गेला. “ते उधळे होते. सगळ्या जगाला माहीत आहे.”

शिवबाईचा चेहरा उतरला. तिनं चादर पुन्हा नीट घडी करून चळतीवर ठेवली.

“कुणी सांगितलं तुला?”

“चेअरमननीच.”

कढई पुन्हा चुलीवर चढवून ती रवा परतू लागली. तिचा नवरा सुपारीचं खांडसुद्धा जपून खायचा, हे पंचाक्षरीला ठाऊक होतं. पण मान मिळत असला की माणूस ठाऊक असलेलंही विसरतो.

संध्याकाळी बसलिंगप्पा आले. कपाळाला भस्माचे ठसठशीत पट्टे, बोटात दोन अंगठ्या, मागे कागदांची पिशवी घेतलेला कारकून. अंगणात गल्लीतली वीसेक माणसं त्या चादरींवर मांडी घालून बसली होती. चेअरमन ओट्यावर खुर्चीत बसले आणि शिऱ्याची ताटली पुढे येताच बोटं बुडवून खाऊ लागले. साजूक तूप मनगटावर ओघळत होतं. ईरम्मा आणखी वाढू लागली तेव्हा “साकू, साकू, बास झालं” म्हणत त्यांनी ताटली मात्र पुढेच धरली. खाता खाता ते घर न्याहाळत होते. चौकट पाहिली, फरशीवर बुटाची टाच आपटून पाहिली, भिंतीवर थाप मारली. आजवर पंचाक्षरीला हे कौतुक वाटायचं. आज अक्काचं बोलणं डोक्यात ठुसठुसत होतं, आणि त्याला वाटलं, हा माणूस बाजारात बैलाचे दात बघावेत तसं माझं घर बघतोय.

“तर मंडळी,” तोंडातला घास न संपवताच बसलिंगप्पा उठले, “यंदा पंचाक्षरींची पत सतरा हजार चारशे! आणि माडीचे पाच धरले, तर बावीसच्या वर! ह्या गल्लीत एवढा मान कुणाचा हाय का?”

टाळ्या पडल्या. कारकुनानं कोरी चादर पुढे केली. बसलिंगप्पांनी ती हातात घेतली आणि सगळ्यांदेखत, अगदी सहज, तिच्या घडीत बरबटलेली बोटं पुसली. मग तीच चादर उलगडून पंचाक्षरीच्या खांद्यावर टाकली.

तुपाचा तो वास पंचाक्षरीच्या नाकात घुसला.

“चेअरमनसाहेब,” तो म्हणाला, “एक विचारू का?”

“विचारा की!”

“मी बारा हजार घेतले. आजवर साडेनऊ हजारांच्या वर भरले. मग सतरा कसे राहिले?”

“राहिले कुठं? झाले! पत वाढली की तुमची!”

“पत नव्हे. देणं. आज घर सोडवायचं म्हटलं तर किती मोजावे लागतील?”

बसलिंगप्पा हसले. “अहो, सोडवायची घाई कशाला? हप्ता जड होतोय का? शंभरच तर हाय!”

“किती?”

“आता तेवढेच की. सतरा.”

आठ वर्षं भरलेला पैसा गेला होता, आणि घर जिथं होतं तिथून पाच हजारांनी आणखी लांब सरकलं होतं! कुणी काही लपवलं नव्हतं. दरवर्षी तो आकडा ओरडून सांगितला होता, आणि पंचाक्षरीनं पाहुण्यांना शिरा वाढून तो ऐकला होता. त्याला त्या माणसाची किळस आली, आणि स्वतःचीही आली. टाळ्या वाजवून झालेले हात मांडीवर ठेवून बसलेल्या शेजाऱ्यांकडे तर त्याला बघवेना.

कारकुनानं कागद पसरून पेन पुढे केलं.

“मी सही करणार नाही,” पंचाक्षरी म्हणाला. “नवं-जुनं नको. माडीही नको.”

बसलिंगप्पांचं हसू पार मावळलं. “मग वर्षाचं थकलेलं व्याज भरा. पावणेआठशे होतील. महिनाअखेर न्हाय भरलं तर कायद्यानं जे व्हायचं ते होईल. दाजींच्याच वळणावर चाललात म्हणायचं!”

“माज्या नवऱ्याचं नाव घेऊ नगंस!”

शिवबाई स्वयंपाकघरातून अंगणात आली होती. हातात उलथनं तसंच होतं.

“माजा नवरा उधळ्या व्हय? अरे, त्यानं धा वर्सं हप्ता भरला. तो गेला, आन् तिसऱ्या म्हयन्यात तू लिलाव लावलास. घर तुज्याच भाच्यानं घेतलं! त्याच घराच्या मागल्या खोलीत मी ऱ्हाते. माज्या हातानं सारवलेल्या भुईचं भाडं दर म्हयन्याला तुजा माणूस घेऊन जातोय. आन् वर माज्या नवऱ्याला नावं ठेवतोस? थू तुज्या मानावर!”

अक्का भाड्यानं राहते, हे त्याला ठाऊक होतं. कुणाच्या घरात राहते, हे त्यानं पाच वर्षांत एकदाही विचारलं नव्हतं!

“अक्का, तू बोलली का नाहीस?”

“आपल्याच घरात भाडेकरू झाले, हे कुणाला सांगू रे तम्मा? लाज वाटत होती.”

ईरम्मा पुढे आली. तिनं गळ्यातली बोरमाळ काढून नवऱ्याच्या हातात ठेवली. “उद्याच सराफाकडं जावा. व्याज ह्यांच्या तोंडावर मारा आदी.”

पंचाक्षरीनं खांद्यावरची चादर उतरवली. मग तो पाहुण्यांना म्हणाला, “जरा उठा सगळे.” माणसं उठली. त्यानं एकेक चादर गोळा केली, कवेत मावेना तशी चळत उचलली आणि बाहेर उभ्या असलेल्या चेअरमनच्या जीपमध्ये नेऊन टाकली.

“घेऊन जा. लई महाग पडल्या ह्या.”

बसलिंगप्पा तणतणत निघाले. पण गल्लीतला एक विणकर जीपजवळ आडवा आला. “चेअरमनसाहेब, मी मागच्या आठवड्यात सही केली. माझं नक्की देणं किती हो?” त्याच्या मागून आणखी दोघं सरकले. जीपला वाट मिळायला बराच वेळ लागला.

त्या रात्री भावानं बहिणीचे पाय धरले. “दाजींना मी नाही नाही ते बोललो, अक्का. आता तू तिकडं जायचं नाही. इथंच राहा.”

“राहीन. पर भाडं देणार.”

“बहिणीकडून भाडं घेऊ?”

“तुला कोण देतंय? मुदलात घालायचं. त्या मेल्याच्या घशात जातंय, त्यापरीस तुजं घर सुटू दे.”

तसंच झालं. बोरमाळेतून व्याज भागलं आणि देणं सोळा हजार चारशेवर थांबलं. पुढची मोठी खोली, जिच्या रंगीत फरशीचा पंचाक्षरीला भारी तोरा होता, ती एका शिक्षकाला भाड्यानं दिली. तिघं मागच्या खोलीत दाटीवाटीनं राहू लागली. हप्ता शंभराचा अडीचशे केला. पंचाक्षरी एकदा हरिदासच्या घरी गेला आणि त्यानं बिनसाखरेचा चहा मुकाट्यानं घेतला. सगळं सुरळीत चाललं तरी घर सुटायला नऊ वर्षं लागणार होती. गेलेली आठ वर्षं तर वाऱ्यावरच गेली होती.

म्हणून सांगतो, बंधू-भगिनींनो! कर्ज काढून घर बांधण्यात पाप नाही. पण सही करण्याआधी हप्ता किती हे विचारून थांबू नका. शेवटचा रुपया फिटेपर्यंत घर केवढ्याला पडणार, ते विचारा. दर महिन्याच्या पैशातले व्याजाला किती जातात आणि मुदलातून किती तुटतात, ते विचारा. हलका हप्ता पाहून हुरळून जाऊ नका, कारण तो हलका का आहे, हे देणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं. आणि कुणी आपल्या देण्यालाच मान म्हणू लागला, तर त्याच्या बोटांकडे नीट बघा.

पुढच्या मार्चमध्ये पंचाक्षरी पतपेढीत जाऊन आकडा विचारून आला. पंधरा हजार चारशे. घरी येऊन त्यानं तो दोघींना सांगितला. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. शिवबाईनं रव्याचा डबा खाली काढला आणि ईरम्मानं, तूप बेतानंच घाला हं वन्सं, असं बजावलं.