शवपेटीवरचे बदाम

पडद्यावर शवपेटीभोवती पत्त्यांतल्यासारखे लाल बदाम फिरू लागले आणि सांगलीच्या त्या छोट्या हॉलमधली पोरं खो-खो हसली. क्रांतीनं पदराचं टोक दातांत धरलं. पेटीत तिचा नवरा होता, शंभूराज, काश्मिरातून तिरंग्यात आलेला.

बदाम टाकायला तिनंच सांगितलं होतं. पलूसचा आकाराम लग्नांचं शूटिंग करायचा. अंत्ययात्राही त्यानंच घेतली होती. "लग्नाच्या कॅसेटला टाकलं हुतं, तसंच ह्याला बी टाका. त्यांना लय आवडायचं," ती म्हणाली होती. आकारामनं डोळे पुसत पाकळ्या पाडल्या, बदाम फिरवले. दुःख दाखवायचं काही त्याच्या मशीनमध्ये नव्हतंच.

तिची कॅसेट महापुरात गेली. आकारामकडची मूळ कॅसेट मुकुलनं नेली. हा मुकुल जुन्या, अंगावर काटा आणणाऱ्या चित्रफिती जमवतो, त्यांवर स्वतःच्या मनातलं बोलतो आणि त्याची फिल्म करतो. थेटरात त्याला कुत्रं विचारत नाही. पण त्याचे भक्त एकेक फिल्म पाच-पाचदा बघतात, त्याचं बोलणं तोंडपाठ म्हणतात. आत्ताही सगळा हॉल त्याच्या आवाजात आवाज मिसळून म्हणाला, "ह्या पेटीत मीच आहे!" मुकुलनं स्वतःच्या घरातलं एक मरण बघितलेलं नाही, आणि आव असा, की खांदा ह्यानंच दिला.

खेळ संपल्यावर क्रांती त्याच्यापुढं उभी राहिली.

"आवं दादा, मला आकारामभाऊंची कॅसेट तेवढी द्या. त्या दिवशी मी शुद्धीत न्हवते. मालकांचं शेवटचं तोंड मी कॅसेटवरच बघितलंय."

"ताई, तिला बुरशी लागली होती. फिल्मपुरतं वाचवलं आणि टाकून दिली. पण तुम्हाला हा पेनड्राइव्ह देतो ना."

"टाकली?" तिनं पेनड्राइव्ह मुठीत घेतला. "मग ह्यातलं तुमचं बोलणं तरी काढून द्या."

"माझं बोलणं काढलं तर उरतं काय?"

"माझा मालक उरतो की."

"वा!" मुकुल म्हणाला आणि त्यानं ते वाक्य मोबाइलमध्ये टिपून घेतलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिच्या मुलीनं, रेश्मानं, पेनड्राइव्ह टीव्हीला लावला आणि आवाज बंद केला. मुकुल गप्प झाला. पण त्याचं बोलणं खाली इंग्रजी अक्षरांत उमटतच राहिलं. क्रांतीला संताप आला. तिनं दोरीवरचा टॉवेल ओढला आणि टीव्हीच्या खालच्या भागावर आडवा धरला.

अक्षरं झाकली गेली. वर हारांचे ढीग दिसत होते, पुढाऱ्यांचे कडक इस्त्रीचे कपडे, मग तिची सासू.

"आई, टॉवेल काढ," रेश्मा म्हणाली. "पप्पांचं तोंड त्याच्याच मागं हाय."

क्रांतीला ते ठाऊक होतं, आणि मुकुलची अक्षरं त्या तोंडावरच उमटणार हेही. ती टॉवेल तसाच धरून उभी राहिली.