कोठीतून गेलेला फाटा

छतावरच्या मोठ्या कूलरचा पत्र्याचा डक्ट आजवर फक्त पुढच्या हॉलमध्ये गार हवा सोडायचा. यंदा भूपेंद्रने आईच्या मागच्या खोलीसाठी नवा फाटा काढायला मनिष पत्रेवाल्याला बोलावले. वाट एकच होती, तांदळाच्या कोठीतून.

"एवढं कायले रे? मी का कुल्फी आहो वितळाले?" रंभाबाई म्हणाल्या. पण पहिला गार झोत आला तशी त्यांनी स्वतःच खिडकी लावून घेतली. कूलरचे बटणही हट्टाने आपल्या उशाशी बसवून घेतले.

कोठीतला एक जोड मात्र उघडा राहिला. पत्रा कमी पडला होता.

"उद्या बंद करून देतो, वहिनी. तवरिक तांदूळही हवा खाईल थोडी," मनिष म्हणाला. भूपेंद्रची बायको रेणू हसली.

दुसऱ्या दिवशी मनिष आला नाही. लाईटही सकाळपासून गेलेली. भूपेंद्रने तांदळाच्या पोत्यांमध्ये किडीच्या गोळ्या ठेवल्या, दरवर्षीप्रमाणे दार-खिडकीच्या फटींवर खळ लावून कागद चिकटवले. या गोळ्यांची लसणासारखी वास मारणारी वाफ माणसाचा जीव घेते, हे पवनीच्या व्यापाऱ्यांच्या घरात लेकरांनाही ठाऊक असते.

"दाराले हात लावू नोको," एवढे रेणूला बजावून तो भंडाऱ्याला गेला.

दुपारी रंभाबाई आतून कडी लावून पडल्या. थोड्या वेळाने त्यांची हाक आली.

"लसूण करपवला का व, रेणू?"

रेणूची शेगडी केव्हाची थंड होती. तिने कोठीच्या दाराकडे पाहिले. कागद जागच्या जागी होते. मग तिची नजर दारावरून वर सरकली, भिंतीत शिरलेल्या नव्या कोऱ्या पत्र्याकडे.

ती मागच्या खोलीच्या दारावर धडकली. "आई, कडी काढा! बाहेर या!"

"काहून वरडून राहिली? डोक्सं दुखून राहिलं माह्यं."

"आधी बटण बंद करा, आई! कूलरचं बटण!"

"लाईट नाही, अन् बटण कायले बंद करू?"

"आई, कोठीतल्या गोळ्या—"

स्वयंपाकघरात फ्रिज घरघरला. छतावर कूलरचा पंखा एक गचका खाऊन फिरू लागला, आणि डक्टमध्ये साचलेले सगळे पुढे सरकल्यासारखा पत्रा थरथरला.

"आलं व आलं, वारं आलं," रंभाबाई आतून समाधानाने म्हणाल्या.

रेणूने खांद्याने दाराला धडक दिली. पुन्हा दिली. कडी जुन्या लोखंडाची होती.